क्लोव्हिस लांबेरची झेली

पडावावरच्या, म्हणजे कालव्यातून माल वाहणाऱ्या लांबट होड्यांवरच्या, माणसांना आडनावं असतात, पण ती कचेरीच्या कागदापुरती. कालव्यावर कुणी कुणाला आडनावानं हाक मारत नाही. पडावाचं जे नाव तेच त्यावरच्या माणसांचं. ‘सेंत-रीता’ची म्हातारी, ‘दोघे भाऊ’चा जावई, ‘पाकोळी’ची सून. तशी झेली ‘क्लोव्हिस लांबेर’ची. तिचं खरं आडनाव दलात्र. मला ते ठाऊक होतं, कारण तिचे अर्ज मी लिहीत असे.

हा क्लोव्हिस लांबेर म्हणजे पडावाचा पहिला मालक. बावीस सालीच वारला. झेलीच्या सासऱ्यानं त्याच्या विधवेकडून पडाव विकत घेतला आणि नाव तसंच ठेवलं. पडावाचं नाव बदललं तर पाणी त्याला ओळखत नाही, असं इथं मानतात. त्यामुळे ज्या माणसाला झेलीनं जन्मात पाहिलं नव्हतं, त्याच्या नावानं लग्नापासून तिची ओळख होती.

आमचं घर जांव्हिलला, कालव्याच्या दरवाज्यांवरच. माझा नवरा ल्युसियाँ दरवाजे उघडून पडाव वरच्या पाण्यातून खालच्या पाण्यात उतरवतो. मी घर, कोंबड्या आणि पत्रं सांभाळते. पडाववाल्यांना घरपत्ता नसतो, त्यांची पत्रं दरवाज्यांवर येऊन पडतात. आमच्या दाराशी कप्प्यांचं फडताळ आहे, एकेका पडावाला एकेक कप्पा. ज्यांना वाचता येत नाही त्यांना मी वाचून दाखवते. झेलीला येत नव्हतं. तिनं शाळा पाहिली ती पडावावरून, काठानं मागे सरकताना. मी लग्नाआधी दोन वर्षं मास्तरीण होते, म्हणून ती मला बाई म्हणायची.

बुटकी, रुंद खांद्यांची, एका हातात कॉफीचा पेला धरून दुसऱ्या हातानं दहा पावलांवरच्या खुंटावर दोरीचा फास अचूक टाकणारी बाई. हसायची मोठ्यानं. पडाव इतका स्वच्छ ठेवायची, की ल्युसियाँ म्हणायचा, “कोळसा वाहतेस की साबण?”

तिची मुलगी आर्लेत चाळीस सालच्या जूनमध्ये हरवली. चार वर्षांची होती.

जर्मन फौज उत्तरेकडून येत होती. पडावांना दक्षिणेला निघण्याचा हुकूम झाला आणि सगळे एकदमच निघाले. पुढचा पूल आपल्याच शिपायांनी उडवला होता, त्यामुळे साठ-सत्तर पडाव एकामागे एक अडकले. वरून विमानं. झेलीचा नवरा फेर्नाँ फौजेत. ती एकटी, पोटात साखरेची पोती भरलेला पडाव आणि पोर. काठावरून एक मालमोटार चालली होती, दोन परिचारिका पोरांना गोळा करून वर चढवत होत्या. ‘सांलीसच्या शाळेत ठेवतो, उद्या येऊन घेऊन जा.’ झेलीनं आर्लेतला स्वतःच्या हातांनी वर दिलं. स्वतः गेली नाही. जळत नाही किंवा बुडत नाही तोवर पडाव सोडायचा, हे पडाववाल्यांच्या मनातच येत नाही. दुसऱ्या दिवशी ती पायी सांलीसला गेली. शाळा रिकामी होती. मालमोटार तिथं थांबलीच नव्हती.

पोरीच्या कोटाला नावाची चिठ्ठी टाचली होती. पण जून होता. इतक्या उकाड्यात चार वर्षांचं पोर कोट अंगावर ठेवतं होय?

फेर्नाँ पाच वर्षं जर्मनीत कैदी होता. पंचेचाळीसच्या वसंतात परत आला तेव्हा सत्तावन्न किलोचा झाला होता. झेलीनं त्याला सगळं सांगितलं. त्यानं एकच प्रश्न विचारला, “साखर वाचली का?” ती म्हणाली, “वाचली.” त्यानंतर त्यानं तो विषय कधी काढला नाही, आणि तिला वाटायचं, काढला असता तर बरं झालं असतं.

युद्ध संपल्यावर पॅरिसच्या शोध कचेरीच्या याद्या छापून येऊ लागल्या. आईबापांना हरवलेली मुलं, मुलांना हरवलेले आईबाप. ‘क्लोव्हिस लांबेर’ दरवाज्यात शिरला, की पाणी उतरायला लागणाऱ्या वीस मिनिटांत झेली आमच्या स्वयंपाकघरात येऊन बसायची.

“बाई, आलीय का नवी?”

मी यादी काढायची. ‘द’च्या रकान्यावर बोट ठेवायचं आणि खाली उतरत जायचं. दलाक्रुआ, दलाज, दलात्र... दलात्र आले की तिचा श्वास थांबलेला मला ऐकू यायचा. एकदा दलात्र मार्सेल निघाला, नऊ वर्षांचा. एकदा दलात्र ओदिल, वय बावन्न. आमची नाही. ती पेला विसळून पालथा घालायची, म्हणायची, “बरं. कोंबड्या काय म्हणतायत?” आणि पाणी उतरलं की निघून जायची. अशी दोन वर्षं गेली.

सत्तेचाळीसच्या एप्रिलमध्ये सिनेमावाले आले.

तिघं जण होते. रन्यार नावाचा दिग्दर्शक, तिशीचा, मफलर गुंडाळलेला. तेसिए नावाचा कॅमेरावाला. आणि एक ड्रायव्हर, जो सगळा वेळ आमच्या अंड्यांकडे बघत होता. हरवलेल्यांच्या शोधावर त्यांना छोटी फिल्म करायची होती, थिएटरात मोठ्या सिनेमाआधी दाखवतात तशी, चौदा-पंधरा मिनिटांची. कचेरीनं त्यांना बारा नावं दिली होती. त्यांनी झेलीला निवडलं, कारण, रन्यार म्हणाला, पाणी पडद्यावर छान दिसतं.

“म्हणजे मला नाही निवडलं, पाण्याला निवडलं,” झेली म्हणाली.

“तुम्हालाही, मादाम.”

“राहू द्या. मला राग नाही. पाणी माझ्यापेक्षा दिसायला बरंच आहे.”

ती तयार झाली एका कारणासाठी. तिनं त्याला सरळ विचारलं, “ही गावोगाव दाखवणार ना? दूरच्या गावांतपण?” तो म्हणाला, सगळीकडे, शेतातल्या गावांतही, फिरता सिनेमावाला नेतो. “मग करा,” ती म्हणाली.

कामाला दुसऱ्या दिवशी सकाळी सुरुवात करायची ठरली. सकाळी रन्यार काठावर आला आणि डोक्याला हात लावून उभा राहिला. झेली आदल्या दुपारपासून कामाला लागली होती. पडाव धुऊन काढला होता. पितळेच्या कड्या चकाकत होत्या. खिडक्यांचे पडदे खळ घालून इस्त्री केलेले. जिरॅनियमच्या कुंड्या ओळीनं. आणि मागच्या बाजूला, जिथं पडावाचं नाव लिहिलेलं असतं, तिथली पोपडे आलेली अक्षरं तिनं स्वतः पांढऱ्या रंगानं नव्यानं भरली होती. अक्षरओळख नसलेल्या बाईनं जुन्या अक्षरांच्या कडा धरून धरून भरली होती. एकही थेंब बाहेर नाही.

“मादाम,” रन्यार म्हणाला, “हे काय केलंत? मला ते जुने पोपडे हवे होते. म्हणून तर मी... अहो, तुम्ही दुःखात आहात!”

“आहे ना.”

“मग?”

“मग दुःखात आहे म्हणून घाणीत राहू? सगळ्या फ्रान्सला पडाव दाखवणार आणि नाव पुसट? उद्या कालव्यावर तोंड दाखवायला जागा राहील का मला?”

फेर्नाँ सुकाणूला टेकून पाईप ओढत होता. तो म्हणाला, “साहेब, वाद घालू नका. माझ्याच्यानं अठरा वर्षांत जिंकला गेला नाही.”

तेसिएनं हळूच सांगितलं, की ओला रंग उन्हात झकास उठतो. रन्यार म्हणाला, नाव चित्रात घ्यायचंच नाही. झेलीचं आडनाव दलात्र, आणि मागे हे कुणाचं तिसऱ्याचंच नाव, लोक गोंधळतील. कॅमेरा पुढच्या बाजूला लावा. पण पुढच्या बाजूला आमचं दरवाज्यांचं चाक आणि ल्युसियाँ आड येत होता, आणि ल्युसियाँनं हलायला साफ नकार दिला. तो सरकारी कामावर होता. शेवटी एक दृश्य तरी मागूनच घ्यावं लागलं. पडाव दरवाज्यातून बाहेर पडतो, झेली सुकाणूपाशी उभी आहे, आणि तिच्या पायांखाली दोन हात लांब पांढरी अक्षरं.

आवाज नव्हताच. बोलणं नंतर पॅरिसला कुणी नट करणार होता. झेलीला काठावरून चालायला लावलं, सात वेळा. “पाण्याकडे बघा, जसं रोज संध्याकाळी बघता तसं.” ती म्हणाली, “रोज संध्याकाळी मी बटाटे सोलते.” मग बटाटे सोलतानाही घेतलं. शेवटी आर्लेतचा फोटो मागितला. एकच होता, तीन वर्षांची असतानाचा. खालच्या खोलीच्या दारापाशी उभी, कमरेला दोरी, दोरीचं दुसरं टोक कडीला.

रन्यारनं फोटो बघितला, मग झेलीकडे बघितलं. “ही बांधलेली का आहे?”

“पडावावर पोर मोकळं सोडतात का?” झेली म्हणाली, आणि एवढं उत्तर तिला पुरेसं वाटलं.

ऑक्टोबरात फिल्म काँपिएन्यच्या थिएटरात लागली. आम्ही चौघं गेलो. पडद्यावरचा नट खालच्या पट्टीत म्हणत होता, दररोज सूर्यास्ताला ही आई पाण्यापाशी येते. झेली कुजबुजली, “येते म्हणजे? मी राहतेच तिथं.” मागच्या रांगेतल्या कुणीतरी शूः केलं. फोटो आला, दोरी दिसली, तेव्हा आमच्या पुढ्यातल्या बायका एकमेकींकडे वळल्या. एक म्हणाली, “बघा, कुत्र्यासारखी बांधलीय. हरवली नसेल, पळाली असेल.”  बाहेर पडल्यावर झेली म्हणाली, “अक्षरं मात्र ठळक आली, नाही?” घर येईपर्यंत फेर्नाँनं तिचा हात धरला होता. तसं मी पहिल्यांदाच पाहिलं.

नोव्हेंबरात कचेरीकडून सात पत्रं आली. एक माणूस आर्लेतला मार्सेयच्या बंदरात पाहिल्याचं सांगत होता, पण त्याची आर्लेत वीस वर्षांची होती. एका बाईनं लोलक फिरवून सांगितलं होतं, की मुलगी पाण्याजवळ आहे. “ती पडावाचं सांगत असेल,” झेली म्हणाली. उरलेली पाच दोरीबद्दल होती. ती मी पूर्ण वाचली नाहीत, आणि मी गाळते आहे हे तिला कळत होतं.

फेब्रुवारीत एक पत्र थेट आमच्या पत्त्यावर आलं. ल्युसियाँनं ते हातात धरून मोठ्यानं वाचलं, “मस्यू क्लोव्हिस लांबेर, पडाववाले, जांव्हिलचे दरवाजे, वाझ. घ्या. मेलेल्या माणसाला पत्र. सव्वीस वर्षं उशिरा. पोस्टाचा कारभार सुधारलाय म्हणायचा.”

“दे इकडे. पडावाच्या कप्प्यात टाकते.”

“अगं, पण मस्यू लिहिलंय, म्हणजे माणसाला लिहिलंय. पडावाला कुणी मस्यू लिहितं का? त्याच्या एखाद्या भाच्याचं असेल. परत पाठवू या.”

“पडाव येऊ दे, मग बघू.”

‘क्लोव्हिस लांबेर’ तेव्हा पॅरिसला माल उतरवत होता. यायला नऊ दिवस लागले. नऊ दिवस ते पत्र आमच्या दाराशी पडून होतं, आणि मी त्याच्यासमोरून दिवसातून वीस वेळा जात होते.

झेली आली तेव्हा मी तिच्यासमोर पाकीट फोडलं. दूर दक्षिणेकडच्या क्रझ जिल्ह्यातल्या सेंत-फेयोल गावच्या शाळामास्तरणीचं होतं, मादमोआझेल बुर्दे नावाच्या. मी वाचायला लागले.

तिनं लिहिलं होतं, की त्यांच्या गावात फिरत्या सिनेमावाल्यानं एक छोटी फिल्म दाखवली. गावात लेओनी प्रादो या विधवेकडे एक मुलगी वाढते आहे. चाळीसच्या जूनमध्ये मालमोटारीतून उतरवलेल्या मुलांपैकी ती एक. नाव आर्लेत लांबेर. तू कुणाची, असं तेव्हा तिला विचारलं, तर म्हणाली, क्लोव्हिस लांबेरची. म्हणून वडलांच्या रकान्यात तसं लिहिलं. त्या नावाच्या माणसाचा पुष्कळ शोध केला, सापडला नाही. परवा पडद्यावर पडाव आला, आणि पोर बाकावर उभी राहून ओरडली, ‘हे माझे बाबा!’ सगळे हसले, कारण पडद्यावर माणूसच नव्हता, एक बाई होती आणि होडी. पण मास्तरणीनं ते नाव वाचलं होतं. फिल्ममध्ये जांव्हिलचं नाव होतं, पण बाईचं आडनाव दलात्र सांगितलं होतं, म्हणून पत्र मस्यू लांबेरच्या नावे धाडलं. मस्यू लांबेर हयात असतील तर कृपया कळवावं.

मी थांबले. झेली म्हणाली, “पुन्हा वाचा.”

मी पुन्हा वाचलं.

तिनं दोन्ही हात टेबलावर उपडे ठेवले. “पोरीला कुणी विचारलं, कुणाची तू, तर ती काय सांगणार? कालव्यावर सगळे तेच सांगतात. आडनाव तिच्या कानावर कधी पडलंच नाही, बाई. मला तरी ते कचेरीतच आठवतं.”

मी उठून जुन्या याद्यांचा गठ्ठा काढला. पंचेचाळीसच्या डिसेंबरची यादी. ‘ल’चा रकाना. लांबेर आर्लेत, वय अंदाजे नऊ, डोळे तपकिरी, वडील क्लोव्हिस, क्रझ. ज्या पानावर माझं बोट ‘द’वरून उतरलं होतं, त्याच पानाच्या मागच्या बाजूला. दर खेपेला जिला मी ‘आली बघा क्लोव्हिस लांबेरची’ म्हणत होते, तिच्यासाठी मी ‘द’ वाचत होते. मी पान तिच्यासमोर धरलं आणि कुठं लिहिलंय ते दाखवलं. लपवण्यात अर्थ नव्हता.

तिनं पान पाहिलं. तिला ते वाचता येत नव्हतं, तरी बराच वेळ पाहिलं. “मीच तुम्हाला दलात्र बघा म्हणून सांगितलं होतं,” ती म्हणाली. मग तिनं पेला विसळला, पालथा घातला, आणि ल्युसियाँ तिला पडावापर्यंत सोडून आला.

मार्चमध्ये आम्ही दोघी क्रझला गेलो. फेर्नाँला पडाव सोडता येत नव्हता, भरलेला होता. खरं तर तो घाबरला होता. निघताना तो मला म्हणाला, “बाई, तिनं नाही ओळखलं तर हिला लगेच घेऊन या. तिथं ठेवू नका.”

लेओनी प्रादोचं शेत लहान होतं. दोन गायी, चेस्टनटची झाडं, मागे डुकराचं खुराडं. ती दारातच उभी होती, साठीची, काळ्या कपड्यांत, हात बांधून. तिनं आत बोलावलं, कारण बाहेर पाऊस होता, सूप वाढलं, कारण जेवायची वेळ होती, पण बसली मात्र नाही.

“माझ्याकडे कागद आहेत,” ती म्हणाली. “तुमच्याकडेही असतील. कायदा तुमच्या बाजूनं असेल तर घेऊन जा. पण एक सांगते. ही आली तेव्हा रात्री झोपताना म्हणायची, दोरी कुठंय. मी विचारलं, कसली दोरी? तर म्हणाली, आई बांधते ती. आठ वर्षं मी म्हणत आलेय, देवा, त्या लोकांना ही सापडू देऊ नको.”

आर्लेत चुलीपाशी उभी होती. उंच झाली होती, बारा वर्षांची, वेणी, लाकडी बूट. झेली तिच्याकडे एकदाच बघून मान खाली घालून बसली होती. आता तिनं मान वर केली, पण बोलली ती लेओनीशी.

“पडावाच्या कडेला कठडा नसतो, मादाम. माझ्या आईनं मला बांधलं, तिच्या आईनं तिला. अकरा फुटांची दोरी, म्हणजे सगळीकडे जाता येतं, पाण्यात सोडून. ज्यांनी बांधलं नाही त्यांची नावं सांगू? ‘सेंत-रीता’चा धाकटा, तीन वर्षांचा. ‘पाकोळी’च्या जुळ्यांतली एक. ‘एमिल’ची पोरगी, ती तर पाण्यातून माझ्याच हातातल्या बांबूच्या आकड्याला लागली. अजून सांगू?”

 लेओनी खुर्ची ओढून बसली.

चुलीजवळून मुलगी म्हणाली, “मला तुम्ही बांधायचात?”

“हो.”

“गाठ मागे असायची.”

“मागे. पुढे बांधली तर तू सोडायचीस.”

मुलीनं विचारलं, “आणि क्लोव्हिस लांबेर?”

“तो पडाव.”

“म्हणजे मला बाबा नाहीत?”

“आहेत गं. फेर्नाँ. घोरतो फार.”

मुलगी हसली नाही, पण लेओनी हसली, आणि मग तिनं ॲप्रनचा कोपरा डोळ्यांना लावला. म्हणाली, सूप गार होतंय.

दुपारी बोलणं झालं. आर्लेत यायला तयार नव्हती. तिनं ते सभ्यपणे सांगितलं, मादाम म्हणत. पुढच्या वर्षी तिची शाळेची शेवटची परीक्षा होती, मास्तरीण म्हणत होती की ती जिल्ह्यात पहिल्या पाचांत येईल. आणि गाय व्यायला आली होती. लेओनी खिडकीकडे तोंड करून उभी होती. कागद टेबलावरच होते. झेलीनं सहीच्या जागी एक फुली केली असती, तर कुणी तिला अडवू शकलं नसतं.

झेलीनं मला विचारलं, “बाई, ‘दोघे भाऊ’ची पोरं कुठं शिकतात?”

“नोजाँला, वसतिगृहात. तुला ठाऊक आहे.”

“आणि ‘पाकोळी’ची?”

“तीही तिथंच.”

“दहा महिने शाळेत, दोन महिने पडावावर. पडाववाल्यांची सगळीच पोरं अशी वाढतात.” ती लेओनीकडे वळली. “माझी इथं शिकते. फक्त वसतिगृह जरा लांब पडलं. जुलैत पाठवाल ना?”

लेओनी खिडकीपासून म्हणाली, “तिच्याबरोबर सूप देऊ का? तुमच्याकडे खारट करत असतील.”

 परतीच्या वाटेवर पॅरिसला गाडी बदलताना झेलीनं विचारलं, “बाई, मी बरोबर केलं का?” मी म्हटलं, मला माहीत नाही. ती म्हणाली, “मलाही नाही.” मग आम्ही चिकोरीची कडू कॉफी प्यालो आणि काँपिएन्यची गाडी पकडली.

जुलैत आर्लेत आली. फेर्नाँनं नवा शर्ट घातला होता. त्यानं तिच्याशी हात मिळवला, जसा माल उतरवून घेणाऱ्याशी मिळवतात तसा, आणि दोन दिवस तिच्यासमोर पाईप ओढला नाही. तो उन्हाळा मी दरवाज्यांवरून पाहिला, पडाव येता-जाता. तिघंही पाहुण्यांसारखे वागत होते. मुलगी म्हणायची, मादाम, मी भांडी घासू? झेली म्हणायची, राहू दे, राहू दे. मुलीनं कॉफी सांडली, राहू दे. मुलीनं सुकाणू धरलं आणि पडावाचं नाक काठाला घासलं, फेर्नाँसारखा माणूस म्हणाला, होतं असं. दुसऱ्या कुणी घासलं असतं, तर त्यानं त्याच्या सात पिढ्या काढल्या असत्या. झेली मला म्हणाली, “बाई, मी तिला एक शब्द बोलत नाही. भीती वाटते, येणार नाही पुन्हा.”

ऑगस्टच्या शेवटी मुलगी परत गेली. काँपिएन्यच्या फलाटावर तिनं विचारलं, “पुढच्या वर्षी मी कुठं येऊ? इथंच?”

“इथंच असं नाही. पडाव असेल तिथं. कुठल्याही दरवाज्यावर विचार, सांगतील.”

“नक्की सांगतील?”

“कालव्यावर सगळ्यांना सगळ्यांचं ठाऊक असतं.”

हिवाळ्यात दोन पत्रं आली. दोन्ही मी वाचली. परीक्षा, गाय, लेओनीची कंबर. शेवटी, मादाम आणि मस्यूंना नमस्कार.

एकोणपन्नासच्या जुलैत ती एकटीच आली, कुणाला न कळवता, ठरलेल्या दिवसाच्या दोन दिवस आधी. परीक्षेत जिल्ह्यात तिसरी आली होती आणि ते तिला स्वतः सांगायचं होतं. काँपिएन्यला उतरून ती पहिल्या दरवाज्यावर गेली. तिथं कळलं, ‘क्लोव्हिस लांबेर’ काल वर गेला. तिथून ती आमच्याकडे आली. मी म्हटलं, सकाळीच निघाला, वाळू भरलेला आहे, सावकाश चाललाय. भाकर-चीज हातावर ठेवलं आणि ल्युसियाँनं सायकल काढली. पुढच्या दरवाज्यावर पडाव पाणी चढायची वाट बघत उभा होता. हे पुढचं मला ल्युसियाँनं सांगितलं.

झेली खाली खोलीत फरशी पुसत होती. फेर्नाँनं मुलीला काठावरून येताना पाहिलं, तोंडातला पाईप काढला, पण हाक मारली नाही. आर्लेतनं पिशवी वर फेकली, स्वतः उडी मारली आणि धावतच जिन्यावरून खाली उतरली, टाचांना काठाचा सगळा चिखल घेऊन. ल्युसियाँ सायकल धरून उभा होता. त्याला वाटलं आता रडारड ऐकू येणार. पण खालून जे ऐकू आलं, ते दोन पडाव पलीकडेही ऐकू गेलं.

“बूट! बूट काढ आधी! आत्ता पुसलंय मी ते, दिसत नाही का तुला? डोळे कुठं ठेवून आलीस?”

 मग मुलगी तितक्याच मोठ्यानं ओरडली, “काढते ना! अंगावर कशाला येतेस?”

फेर्नाँनं पाईप पुन्हा तोंडात धरला आणि पेटवला.